एडिनबर्गचे तीन दिवस: वरचा रस्ता, खालचा रस्ता आणि एक वाजताची तोफ

आपण विचारले आहे की, जूनमध्ये लंडनला बहिणीकडे येत असताना मधले तीन दिवस एडिनबर्गसाठी काढले आहेत, सोबत सत्तरी ओलांडलेले आई-वडील आणि दहा वर्षांचा मुलगा आहे, तर एवढ्या वेळात काय पाहावे. आणि राजगड-सिंहगड पायांखालून घातलेल्या कुटुंबाने तिथला किल्ला तिकीट काढून पाहण्यात काही अर्थ आहे का. गेली बारा वर्षे मी या शहरात पाहुण्यांना पायी हिंडवण्याचे काम करते आणि त्यांत मराठी कुटुंबे दरवर्षी असतातच, त्यामुळे दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर आधी देते. अर्थ आहे, आणि गड पाहिलेल्या माणसाला तो इतरांपेक्षा अधिक आहे. पहिल्या प्रश्नाचे उत्तर लांबलचक आहे, कारण हे शहर ठिकाणांच्या यादीने पाहायला गेले की दमवते आणि उंच-सखल जागांच्या अंगाने पाहिले की आपणहून उलगडते. लांबी-रुंदीबरोबर उंचीही असलेले हे शहर आहे, एवढी एकच गोष्ट लक्षात ठेवून आला तरी निम्मे काम झाले.

नावापासून सुरुवात करू. लिहिताना आपण एडिनबर्ग लिहितो, पण इथली माणसे ‘एडिन्बरा’ म्हणतात, आणि बसचालकाला तसे म्हटलेले ऐकून बरे वाटते. शहराचे लाडाचे नाव ‘ऑल्ड रीकी’, म्हणजे जुनी धुरकट नगरी. हजारो चुलींच्या कोळशाच्या धुराने जुन्या इमारतींचा दगड जो काळवंडला, तो पुष्कळ ठिकाणी आजही तसाच आहे.

आता भूगोल, कारण पुढचे सगळे त्यावर उभे आहे. किल्ला ज्या खडकावर आहे, तो सुमारे ३५ कोटी वर्षांपूर्वीच्या ज्वालामुखीच्या नळीत थिजलेला लाव्हा आहे. हिमयुगात पश्चिमेकडून सरकत आलेल्या बर्फाने आजूबाजूचा मऊ दगड खरवडून नेला, पण हा कठीण खडक त्याला हलला नाही आणि त्याच्या आडोशाला, पूर्वेच्या बाजूला, मऊ दगडाची एक लांब निमुळती उतरण तेवढी शिल्लक राहिली. त्याच उतरणीच्या कण्यावरून किल्ल्यापासून होलीरूड राजवाड्यापर्यंत उतरत जाणारा रस्ता म्हणजे रॉयल माइल. मागे एक आजोबा किल्ल्याच्या वाटेवर उघड्या खडकावर हात ठेवून म्हणाले, ‘‘हा तर आपलाच काळा पाषाण.’’ त्यांचे बोलणे खरे होते. वय फार वेगळे, सह्याद्रीचा दगड सुमारे साडेसहा कोटी वर्षांचा. पण दोन्ही थिजलेल्या लाव्ह्याचेच दगड आहेत, आणि आपल्याकडे ज्या कारणासाठी गड डोंगरावर बांधले, त्याच कारणासाठी इथला किल्ला या कातळावर बांधला गेला.

कण्याच्या दोन्ही अंगांना खोलगट भाग आहेत. उत्तरेच्या बाजूला पूर्वी नॉर लॉक नावाचा घाण पाण्याचा तलाव होता. तो आटवून तिथे प्रिन्सेस स्ट्रीटची बाग झाली आणि तिच्या पोटातून आगगाडी गेली. दक्षिणेच्या बाजूला ग्रासमार्केट आणि काउगेट हे जुने रस्ते खाली आहेत. त्यांच्यावरून पूल टाकले गेले, पुलांच्या दोन्ही बाजूंना घरे उभी राहिली, आणि शहराला अक्षरशः दोन मजले झाले. साउथ ब्रिजला एकोणीस कमानी आहेत, पण उघडी दिसते ती एकच. बाकीच्या इमारतींच्या मागे दडल्या आहेत. याचा व्यवहारातला परिणाम असा की, मोबाईलवरच्या नकाशात दोन रस्ते एकमेकांना छेदताना दिसतात, निळा ठिपका नेमका त्या चौकात असतो, आणि प्रत्यक्षात आपण पुलाच्या कठड्यावरून चार मजले खाली दुसऱ्या रस्त्यावरच्या माणसांच्या टोप्या पाहत उभे असतो. अशा वेळी नकाशा बंद करावा आणि जवळचा जिना विचारावा. आई-वडिलांसाठी हे अधिक महत्त्वाचे आहे: हॉटेल ठरवताना ‘किल्ल्यापासून दोनशे मीटर’ एवढ्यावर भुलू नका, ते दोनशे मीटर सपाट आहेत की जिन्याचे आहेत, हे आधी विचारून घ्या.

पहिला दिवस किल्ल्याला द्या, आणि तिकीट वेळेसह आगाऊ काढा, कारण उन्हाळ्यात दारावर बहुतेक वेळा मिळत नाही. सकाळी उघडतानाची वेळ घ्यावी. चालायला अडचण असणाऱ्यांना वरच्या भागापर्यंत नेणाऱ्या छोट्या गाडीची सोय आहे. तिची चौकशी आधीच करून ठेवा, कारण आतली फरसबंदी खडबडीत आहे आणि चढ खरा चढ आहे.

दारातून आत जाण्यापूर्वी पुढच्या पटांगणाच्या कडेला थोडे थांबा. तिथे बऱ्याच स्मारकांमध्ये ७८ व्या हायलँडर्स पलटणीचा एक दगडी क्रूस आहे. तो १८५७-५८ च्या उठावात भारतात मेलेल्या त्या पलटणीच्या सैनिकांसाठी उभारला आहे. पण त्यावर हत्ती कोरलेला दिसेल, आणि तो हत्ती आपल्या घरचा आहे. २३ सप्टेंबर १८०३ रोजी आजच्या जालना जिल्ह्यातील असईच्या रणांगणावर ही पलटण इंग्रज सेनापती वेलस्लीच्या फौजेत होती आणि समोर शिंदे-भोसल्यांच्या फौजा होत्या. त्या लढाईबद्दल पलटणीला हत्तीचे चिन्ह मिळाले. स्कॉटलंडच्या राजधानीत किल्ल्याच्या दाराशी असईची खूण उभी आहे आणि बहुतेक मराठी पाहुणे तिच्यासमोरून कॅमेरा किल्ल्याकडे रोखून निघून जातात, याचे मला मनापासून वाईट वाटते. ऑगस्टमध्ये याच पटांगणात लष्करी बँडचा ‘टॅटू’ हा सोहळा होतो आणि त्याच्या उंच बैठकींमुळे उन्हाळ्यात जागेचे रूप बरेच बदललेले असते, तेव्हा क्रूस चटकन दिसला नाही, तर कर्मचाऱ्यांना विचारा.

आत गेल्यावर उत्तरेकडचा कडा तटावरून वाकून पाहा आणि मुलाला तिथेच गोष्ट सांगा. १३१४ च्या मार्च महिन्यात किल्ला इंग्रजांच्या ताब्यात होता. स्कॉटलंडचा राजा रॉबर्ट ब्रूस याचा पुतण्या थॉमस रँडॉल्फ याला तो घ्यायचा होता आणि समोरून घेणे अशक्य होते. त्याच्या माणसांत विल्यम फ्रान्सिस नावाचा एक जण निघाला, जो तरुणपणी किल्ल्यातच राहिला होता आणि रात्री गावातल्या एका मुलीला भेटायला याच कड्यावरून चोरून उतरत असे. त्याला अंधारातही वाट पाठ होती. तीस माणसे त्याच्या मागोमाग रात्री कडा चढली, शिडी लावून तटावर गेली आणि किल्ला घेतला. सिंहगडावरची तानाजीची रात्र याच्यानंतर ३५६ वर्षांनी आली. ज्या मुलाने द्रोणागिरीचा कडा खालून पाहिला आहे, त्याला इथे गोष्ट समजावून सांगावी लागत नाही. तो स्वतःच कुठून चढले असतील ते बोटाने दाखवू लागतो.

किल्ला पुन्हा शत्रूच्या कामी येऊ नये म्हणून ब्रूसने तो पाडून टाकला, मात्र एका वास्तूला हात लावला नाही. ती म्हणजे सेंट मार्गारेटचे प्रार्थनागृह. राणी मार्गारेट १०९३ मध्ये वारली. तिच्या स्मरणार्थ तिचा मुलगा पहिला डेव्हिड याने ११३० च्या सुमारास ते बांधले, आणि शहरात आज उभी असलेली ही सर्वांत जुनी इमारत आहे. आतून ते आपल्याकडच्या जुन्या देवळाच्या गाभाऱ्याएवढे, जेमतेम वीस माणसे मावतील असे. तिथे नेहमी ताजी फुले दिसतात, आणि ती ठेवण्याचा मान आळीपाळीने स्कॉटलंडमधल्या मार्गारेट नावाच्या स्त्रियांकडे असतो. किल्ल्यातील मुकुट आणि तोफांपेक्षा मला ही फुले अधिक प्रिय आहेत. ज्या आजोबांचा उल्लेख वर केला, त्यांनी या दाराशी आल्यावर नकळत चपला काढायला हात खाली नेला होता.

प्रार्थनागृहाबाहेरच मॉन्स मेग ही तोफ आहे. १४५७ मध्ये बर्गंडीच्या ड्यूकने ती दुसऱ्या जेम्स राजाला भेट दिली. वजन सुमारे सहा टन, आणि तोंडातून जाणारा दगडी गोळा सुमारे १५० किलोंचा. १६८१ साली सलामी देताना तिची नळी फुटली. फुटलेली जागा स्पष्ट दिसते आणि त्या फटीतून नळी कशी घडवली आहे, लोखंडी पट्ट्या उभ्या जुळवून त्यांवर पिंपासारखी कडी कशी चढवली आहेत, हेही पाहता येते. मुरुड-जंजिऱ्याची कलालबांगडी पाहिलेल्या मुलाला या दोघींची तुलना करण्यात अर्धा तास सहज जातो.

राजचिन्हांच्या दालनात मुकुट, राजदंड आणि तलवार आहेत. १७०७ मध्ये स्कॉटलंड आणि इंग्लंडची संसद एक झाल्यावर ही चिन्हे एका पेटीत बंद झाली, खोलीला कुलूप लागले आणि लोक त्यांना विसरले. १८१८ साली कादंबरीकार वॉल्टर स्कॉट यांच्या पुढाकाराने पेटी फोडली तेव्हा सारे जसेच्या तसे आत होते. जुन्या मार्गदर्शिकांत याच दालनात ‘नियतीची शिळा’ असल्याचे लिहिलेले आढळेल. ज्या दगडावर बसवून स्कॉटिश राजांचा राज्याभिषेक होई, तो १२९६ मध्ये इंग्लंडच्या राजाने उचलून नेला होता आणि ठीक सातशे वर्षांनी, १९९६ मध्ये, तो इथे परत आला. २०२४ पासून मात्र तो पर्थ शहरातल्या संग्रहालयात आहे, तेव्हा इथे शोधत बसू नका.

दुपारी पाऊण वाजता बाकी सगळे सोडून उत्तरेच्या तटावर या, कारण ठीक एक वाजता तोफ उडते. १८६१ पासून ही प्रथा आहे. रविवार, गुड फ्रायडे आणि नाताळचा दिवस वगळता रोज. या तोफेमागची हकीकत तोफेइतकीच छान आहे. लीथ बंदरातल्या जहाजांना आपली घड्याळे लावून घेता यावीत म्हणून १८५२ मध्ये समोरच्या कॅल्टन टेकडीवरील नेल्सन स्मारकाच्या माथ्यावर एक मोठा गोळा बसवला गेला. तो बरोबर एक वाजता खाली पडे आणि खलाशी दुर्बिणीतून तो पाहत. पण इथे समुद्रावरून ‘हार’ नावाचे दाट धुके येते आणि त्यात गोळा काय, टेकडीही दिसत नाही. म्हणून डोळ्यांऐवजी कानांसाठी तोफ आली. आवाजाला मात्र प्रवास करायला वेळ लागतो, बंदरापर्यंत सुमारे दहा-अकरा सेकंद. म्हणून किल्ला केंद्रस्थानी धरून वर्तुळे काढलेले नकाशे छापले गेले, ज्यांवर आपण उभे आहोत तिथे आवाज किती सेकंद उशिरा येतो ते वाचता येई. दहा वर्षांच्या मुलासाठी याहून चांगला प्रयोग नाही: तुम्ही तोफेशी थांबा, एका मोठ्या माणसाला मुलासोबत कॅल्टन टेकडीवर पाठवा, आणि फोन चालू ठेवून दोन आवाजांमधला वेळ मोजा.

किल्ल्यातून बाहेर पडल्यावर लगेच डाव्या हाताला, रॉयल माइलच्या माथ्यावर, कॅमेरा ऑब्स्क्यूरा आहे. त्याच्या खालच्या मजल्यांवर आरसे आणि दृष्टिभ्रमांचे खेळ आहेत, ते मुलांना आवडतातच. पण खरे मोल सर्वांत वरच्या अंधाऱ्या खोलीचे. मध्यभागी एक पांढरे वाटोळे टेबल, आणि त्यावर माथ्यावरच्या आरसा-भिंगातून उतरलेले बाहेरचे जिवंत शहर: चालती माणसे, बसगाड्या, फडफडणारे निशाण. कागदाचा तुकडा टेबलावर तिरपा धरला की रस्त्यावरचा माणूस त्यावर चढतो आणि कागद उचलला की वर उचलला जातो. या मनोऱ्याचा आपल्याशी जवळचा संबंध आहे. १८९२ मध्ये तो पॅट्रिक गेडेस यांनी घेतला. शहर आधी उंचावरून एका नजरेत पाहावे, मग त्याचा प्रदेश, देश आणि जग समजून घेत खाली उतरावे, अशी मांडणी त्यांनी इथे मजल्यामजल्यांवर केली होती. हेच गेडेस पुढे भारतात आले, गावोगावच्या नगररचनेवर अहवाल लिहिले आणि १९१९ मध्ये मुंबई विद्यापीठात समाजशास्त्राचे प्राध्यापक झाले, मालवणचे गो. स. घुर्ये हे त्यांचे विद्यार्थी. जुनी वस्ती सरसकट पाडू नये, तिच्यात नेमके काय बिघडले आहे ते पाहून तेवढेच दुरुस्त करावे, हा त्यांचा आग्रह होता, आणि तो या टेकाडावरच्या पडक्या घरांत राहून त्यांनी कमावला होता. माझी शहर दाखवण्याची सगळी पद्धत त्यांचीच आहे: आधी वर, मग हळूहळू खाली.

रॉयल माइलवर दुकाने भरपूर आहेत. लोकरीचे मफलर, स्कॉच, चावीच्या साखळ्या. त्यांत फार वेळ घालवू नका. या रस्त्याचे सौंदर्य त्याच्या दोन्ही बाजूंना फुटणाऱ्या बोळांत आहे. त्यांना इथे ‘क्लोज’ म्हणतात. माशाच्या मधल्या काट्याला जसे बारीक काटे असतात, तसे हे बोळ दोन्ही उतारांवर उतरतात. शहराभोवती तट होता आणि माणसे वाढत होती, म्हणून घरे वर वाढली. दहा-दहा मजल्यांची, आणि तीही सोळाव्या-सतराव्या शतकात. नळ नव्हते, मोऱ्या नव्हत्या, रात्री दहाच्या सुमारास ‘गार्डी लू’ अशी आरोळी ठोकून खिडकीतून बादली रिकामी केली जाई. खालून जाणाऱ्याने ‘थांबा’ असे ओरडायचे आणि पळायचे. मुलाला ही माहिती फार आवडेल, आई-वडिलांना जेवणानंतर सांगा.

सगळे बोळ पाहता येणार नाहीत. लेडी स्टेअर्स क्लोजमध्ये शिरा, तिथल्या १६२२ च्या घरात लेखकांचे छोटे संग्रहालय आहे आणि प्रवेश निःशुल्क आहे. अ‍ॅडव्होकेट्स क्लोजच्या तोंडाशी उभे राहून खाली पाहा. दोन काळ्या भिंतींच्या चौकटीत स्कॉट स्मारकाचे टोक असे बसलेले दिसते की, छायाचित्र काढणारा माणूस तिथून हलतच नाही. पायऱ्या उतरण्याची मात्र आई-वडिलांना गरज नाही, दृश्य वरूनच आहे. सर्वांत शेवटी, कॅननगेट भागातला डनबार्स क्लोज: चिंचोळ्या दारातून आत गेलात की सतराव्या शतकाच्या धर्तीवर आखलेली शांत बाग, कापून आकार दिलेली झुडपे, बसायला बाकडी. भर गर्दीच्या दिवसातही तिथे चारपाच माणसेच असतात. तीन दिवसांत ज्येष्ठांना जिथे खरी विश्रांती मिळेल अशी ही जागा आहे. मेरी किंग्ज क्लोज हा जमिनीखाली गेलेला बोळ तिकीट काढून, मार्गदर्शकासोबत पाहावा लागतो. १७५३ मध्ये त्याच्या डोक्यावर नवी इमारत बांधली गेली आणि खालच्या खोल्या तशाच राहिल्या. उत्तम आहे, पण खाली उंचसखल जमीन आणि जिने आहेत, तेव्हा गुडघे दुखत असतील तर तो वेळ वर सेंट जाइल्स चर्चला द्या.

सेंट जाइल्सच्या माथ्यावरचा दगडी मुकुट दुरून ओळखू येतो. आत थिसल चॅपल या छोट्या दालनात लाकडावर आणि दगडावर कोरीव काम आहे, १९११ मधले. त्यात बॅगपाइप वाजवणारा देवदूत आहे. तो मुलाला शोधू द्या, आधी सांगू नका. चर्चच्या मागे मोटारी उभ्या करण्याची जागा आहे आणि तिथल्या २३ क्रमांकाच्या जागेखाली धर्मसुधारक जॉन नॉक्स यांची कबर असल्याची खूण आहे. पूर्वी तिथे चर्चचे कबरस्तान होते. समोरच्या दारापाशी रस्त्यातच रंगीत दगडांनी हृदयाचा आकार काढला आहे. जुना तुरुंग इथे होता, तो १८१७ मध्ये पाडला. इथले लोक जाता जाता त्या हृदयावर थुंकतात, आणि ते शुभ मानतात. त्यामुळे तिथे मुलाला वाकून फोटो काढायला बसवू नका. पलीकडे तत्त्वज्ञ डेव्हिड ह्यूम यांचा पुतळा आहे. त्यांनी अंधश्रद्धेविरुद्ध आयुष्यभर लिहिले. परीक्षेला जाणारे विद्यार्थी यश मिळावे म्हणून त्यांच्या पायाचा अंगठा चोळतात, आणि तो सोन्यासारखा चमकतो.

अंगठ्याचे एक वेळ चालेल, पण नाकाचे नको, ही माझी कळकळीची विनंती आहे. दुसऱ्या दिवशी आपण ग्रेफ्रायर्स या जुन्या चर्चकडे जाल, तिथे कोपऱ्यावर बॉबी या लहान टेरियर कुत्र्याचा पुतळा आहे. त्याचा मालक जॉन ग्रे १८५८ मध्ये वारला, आणि १८७२ मध्ये स्वतः मरेपर्यंत, म्हणजे चौदा वर्षे, बॉबी त्याच्या कबरीपाशी राहिला, अशी त्याची कथा सांगतात. पुतळा बॉबी गेल्याच्या दुसऱ्याच वर्षीचा. अलीकडे पर्यटकांत त्याचे नाक चोळण्याची टूम निघाली आहे. शहराची ती जुनी रीत नाही आणि त्याने ब्राँझवरचा जुना थर झिजून नाक उघडे पडले आहे. मुलाला दोन पावले दूर उभे करून फोटो काढा. मग आत कबरस्तानात जा. तिथे बॉबीच्या दगडापाशी मुले काठ्या ठेवून जातात, त्याला खेळायला म्हणून. आपल्या मुलालाही एखादी वाळकी काटकी उचलू द्या. काही कबरींवर लोखंडी पिंजरे दिसतील. ते प्रेते चोरणाऱ्यांपासून रक्षण करण्यासाठी होते, कारण वैद्यकीय महाविद्यालयात शरीररचना शिकवायला प्रेतांचा तुटवडा असे आणि चोरून आणलेल्यांना चांगली किंमत मिळे. १८२८ मध्ये बर्क आणि हेअर या दोघांनी तर चोरीचे कष्टही वाचवले आणि सोळा खून केले.

तिथून दोन मिनिटांवर चेंबर्स स्ट्रीटवर नॅशनल म्युझियम आहे. प्रवेश निःशुल्क, लिफ्ट आहे, बसायला जागा आहे, स्वच्छतागृहे चांगली आहेत; पाऊस आला तर सगळा दिवस इथे काढता येतो, आणि पाऊस येतोच. मधले लोखंड-काचेचे उंच दालन पाहून वडील प्रसन्न होतील. डॉली मेंढी इथे आहे: प्रौढ पेशीपासून तयार झालेला पहिला सस्तन प्राणी, १९९६ मध्ये शहराजवळच्या रॉसलिन संस्थेत जन्मलेली. लुईस बेटावर सापडलेल्या, वॉलरसच्या दातांतून कोरलेल्या बाराव्या शतकातल्या बुद्धिबळाच्या सोंगट्यांपैकी अकरा इथे आहेत. त्यांतली राणी गालावर हात ठेवून चिंतेत बसलेली असते, घरातल्या एखाद्या आत्यासारखी. आणि लहान शवपेट्या चुकवू नका. १८३६ मध्ये आर्थर्स सीट टेकडीवर सशांच्या मागे लागलेल्या मुलांना एका कपारीत सतरा बोटभर लांबीच्या शवपेट्या सापडल्या, प्रत्येकीत कपडे घातलेली एक लाकडी बाहुली. आठ उरल्या आहेत. त्या कोणी आणि का ठेवल्या, याचा उलगडा आजवर झालेला नाही. शेवटी गच्चीवर जा; किल्ल्याचे दक्षिणेकडून दिसणारे रूप फुकट आणि गर्दीशिवाय पाहायला मिळते.

त्याच दिवशी दुपारी पायऱ्यांऐवजी ‘माउंड’ या चढणीवरून नव्या शहराकडे उतरा. नवे म्हणजे १७६७ चे. जुन्या टेकाडावरच्या गर्दीला कंटाळून जेम्स क्रेग या तरुणाच्या आराखड्यावर पलीकडच्या पठारावर सरळ रस्त्यांचे हे शहर वसवले, आणि त्याचा पाया खणताना निघालेल्या मातीचा ढीग म्हणजेच ही चढण. शार्लट स्क्वेअरवर एक नजर टाका, बागेत बसा. स्कॉट स्मारक ६१ मीटर उंच आहे आणि वर जायला २८७ पायऱ्या आहेत, शेवटच्या इतक्या अरुंद की अंग चोरून जावे लागते; मुलगा आणि आपण जा, आई-वडील खाली बागेत आइसक्रीम खातील. त्याचा आराखडा करणारा जॉर्ज मिकल केम्प हा सुतारकाम शिकलेला माणूस १८४४ मध्ये एका धुकट संध्याकाळी कालव्यात बुडून गेला. दोन वर्षांनी स्मारकाचे उद्घाटन झाले, ते त्याने पाहिले नाही.

तिसरा दिवस टेकड्यांचा. आर्थर्स सीट २५१ मीटर उंच आहे, सिंहगड चढणाऱ्याला काहीच नाही. पण वारा विचित्र असतो आणि माथ्यावरचा दगड लाखो पायांनी गुळगुळीत झाला आहे, तेव्हा पकड असलेले बूट घाला. ज्येष्ठांनी टॅक्सीने डनसॅपी तळ्यापर्यंत यावे. तिथपर्यंतच बरीच उंची मिळते आणि समुद्र दिसतो. रविवारी त्या रस्त्याचा बराच भाग वाहनांना बंद असतो, हे लक्षात ठेवा. समोरच्या सॉल्सबरी कड्यांपाशी भूशास्त्रज्ञ जेम्स हटन यांनी अठराव्या शतकात एका दगडात दुसरा दगड वितळून घुसल्याचे दाखवले आणि पृथ्वीचे वय काही हजार वर्षे नसून अफाट आहे, या विचाराला बळ दिले. कड्याखालची वाट दरड कोसळल्यामुळे २०१८ मध्ये बंद झाली. फलक असेल तिथे आत जाऊ नका.

होलीरूड राजवाडा टेकडीच्या पायथ्याशी आहे. स्कॉटलंडच्या मेरी राणीच्या दालनात, १५६६ च्या मार्चमध्ये, तिच्या डोळ्यांदेखत तिचा चिटणीस रिझिओ मारला गेला. ती छोटी जेवणाची खोली पाहिली की, त्या रात्री तिथे किती दाटी झाली असेल ते कळते. जूनच्या अखेरीस राजे इथे मुक्कामाला येतात आणि राजवाडा पाहुण्यांसाठी बंद राहतो, म्हणून आपल्या तारखा आधी तपासून घ्या. बंद असेल तर समोरचे संसद भवन पाहा, २००४ मधले, प्रवेश निःशुल्क. लीथमधली ब्रिटानिया ही राजनौका आणि डीन व्हिलेज हे नदीकाठचे खेडे ही दोन्ही चांगली आहेत, पण तीन दिवसांत ती बसवण्यासाठी धावपळ करू नका. मुलगा हट्ट धरेल ते प्राणिसंग्रहालयातल्या पेंग्विनसाठी, कारण तिथला सर निल्स ओलाव हा पेंग्विन नॉर्वेच्या राजरक्षक दलात मेजर जनरल आहे. त्या हट्टाला मान द्यायला हरकत नाही.

खाण्याची काळजी करू नका. हॅगिस म्हणजे मेंढीचे काळीज, यकृत, फुप्फुस आणि ओट यांचे मसालेदार मिश्रण. पण डाळी, घेवडा आणि ओटचे शाकाहारी हॅगिस जवळपास प्रत्येक ठिकाणी मिळते आणि मिरपुडीमुळे आपल्या जिभेला ओळखीचे वाटते. मासे-चिप्स घेताना दुकानदार ‘सॉल्ट अँड सॉस?’ असे विचारील. हो म्हणा, तो व्हिनेगर घातलेला पातळ तपकिरी सॉस या शहराची खासियत आहे. छत्री आणू नका, वारा ती पहिल्याच पुलावर उलटी करतो. टोपी असलेले पावसाळी जाकीट आणा. जूनमध्ये रात्री दहापर्यंत उजेड असतो, म्हणून दुपारी आई-वडिलांना निवांत झोपू द्या.

आणि त्या उजेडाचा उपयोग शेवटच्या संध्याकाळी कॅल्टन टेकडीसाठी करा. वर जायला फार तर दहा मिनिटे लागतात. अथेन्सच्या पार्थेनॉनसारखे स्मारक इथे १८२६ मध्ये उभारायला घेतले आणि १८२९ मध्ये पैसे संपले. उभे राहिले ते बारा खांब. त्यांच्या पायथ्याशी बसलात की किल्ला, स्कॉट स्मारक, रॉयल माइलचा कणा, आर्थर्स सीट आणि मागे फोर्थची खाडी, तीन दिवसांत पायांनी मोजलेले सगळे एका नजरेत येते. वडिलांना विचारा, आपण पहिल्या दिवशी कुठून निघालो होतो. ते बोटाने बरोबर दाखवतील.

परतीच्या गाडीसाठी वेव्हर्ली स्थानकावर जाताना वर बॅल्मोरल हॉटेलच्या मनोऱ्यावरचे मोठे घड्याळ पाहून घाबरू नका. लोकांच्या गाड्या चुकू नयेत म्हणून ते १९०२ पासून मुद्दाम तीन मिनिटे पुढे ठेवलेले आहे; फक्त ३१ डिसेंबरच्या रात्री ते बरोबर वेळ दाखवते. त्या तीन मिनिटांत स्थानकाच्या जिन्याऐवजी उताराच्या वाटेने खाली या, सामान आणि गुडघे दोन्ही सांभाळले जातील.